साहेब, तपास मी करायचा का?

माननीय न्यायदंडाधिकारी महोदय,


आपल्या हुकमाची नक्कल मिळाली. वाद दिवाणी स्वरूपाचा दिसतो, कागदपत्रे फिर्यादीकडेच आहेत, पोलीस तपासाची गरज नाही, फिर्यादीने आपला पुरावा द्यावा. संपले. या हुकमाविरुद्ध वर काय करायचे ते वकील पाहतील. हे पत्र त्यासाठी नाही. मन दुखावले म्हणून लिहिते आहे. आपले नाव-गाव मुद्दामच घातलेले नाही.

आईची जमीन परस्पर विकली गेली. सातबाऱ्यावर फेरफाराची नोंद आल्यावर आम्हाला कळले. खरेदीखताची नक्कल काढली, तर विकणारी निरक्षर, म्हणून अंगठा. माझी आई अंगणवाडीच्या मस्टरवर सह्या करत निवृत्त झाली, साहेब. आणि दस्तावर दुय्यम निबंधकाच्या कॅमेऱ्याने टिपलेला जो फोटो आहे, त्यातली बाई माझी आई नाही. ओळख पटवणारे दोघे आम्ही कधी पाहिलेले नाहीत.

पोलीस ठाण्यात सांगितले गेले, “जमिनीचं आहे ना? दिवाणी कोर्टात जा.” दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की तो नोंदवलाच पाहिजे, असे ललिता कुमारी प्रकरणात घटनापीठाने 2013 सालीच सांगितले आहे. ठाण्यातल्या टेबलापर्यंत ते अजून पोचायचे आहे. मग पोलीस अधीक्षकांना अर्ज केला. मग शपथपत्र जोडून, पोलीस तपासाचा आदेश मागायला आपल्याकडे आले.

ही पायरी-पायरी मला जाचक वाटली नाही. ती घालून देणाऱ्या 2015 सालच्या प्रियांका श्रीवास्तव निकालामागचे कारण मला पटते: कर्ज थकवणारा वित्तसंस्थेच्या अधिकाऱ्यांवरच एकामागून एक फिर्यादी करत सुटला होता. डोळे झाकून कोणावरही तपास लावू नये, हे बरोबरच. तपासाचा आदेश द्यायचा की नाही, याचा जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 156(3) मध्ये आपल्याला विवेकाधिकार होता, नागरिक सुरक्षा संहितेच्या 175(3) मध्येही आहे.

पण 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या या नव्या कलमात पोलिसांचे म्हणणेही विचारात घ्यायचे आहे. आपण ते मागवले. ज्या ठाण्याने गुन्हा नोंदवला नाही, त्याच ठाण्याने लिहून दिले की वाद दिवाणी आहे. तेच शब्द आपल्या हुकमात उतरले. त्यांनी गुन्हा का नोंदवला नाही, हेच तर तपासायचे होते ना?

कागदपत्रे माझ्याकडे आहेत म्हणता. माझ्याकडे नकला आहेत. अंगठ्याचा मूळ ठसा निबंधकाच्या ताब्यात आहे. ओळखीसाठी दिलेले आधार कार्ड कोणाचे होते, पैसे कोणत्या खात्यात गेले, त्या दिवशी कार्यालयात कोणाचे फोन चालू होते, हे मला कोण सांगणार? बँक मला दारात उभी करणार नाही. गुन्हा नोंदला गेला असता, तर आईचा ठसा आणि दस्तावरचा ठसा तज्ज्ञाकडे पाठवणे हे तपास अधिकाऱ्याचे एका पत्राचे काम होते.

विवेकाधिकार म्हणजे नेमके हेच पाहणे, असे मी समजत होते: पुरावा कोणाच्या हातात आहे आणि तो कोण आणू शकतो. मध्य प्रदेशातल्या एका महिलेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2022 साली हेच म्हटले. दखलपात्र गुन्हा दिसत असेल आणि पुरावा आरोपीच्या किंवा तिसऱ्याच कोणाच्या ताब्यात असेल, तर दंडाधिकाऱ्याने पोलिसांना तपास करायला लावावा. आमच्या वकिलांनी तो निकाल दाखल केला होता. हुकमात त्याचा उल्लेखही नाही. अर्ज फेटाळला याचे दुःख आहेच. पण हा निकाल माझ्या प्रकरणाला का लागू नाही, एवढे एक वाक्य लिहिले असते तरी आपले कोणी वाचले असे वाटले असते.

आता माझा जबाब होईल. त्यानंतर आपल्याला वाटले तर नव्या संहितेच्या कलम 225 खाली पोलिसांकडून चौकशी होईल, पण त्या चौकशीत पोलिसांना अटक करता येत नाही. तोवर जमीन तिसऱ्याच्या नावावर गेली, तर दिवाणी दाव्यात आणखी एक प्रतिवादी वाढेल. आईचे वय वाट पाहण्याचे नाही, हे मी जबाबात सांगणारच आहे.

पुढच्या तारखेला साक्षीदार हजर ठेवा, असे शिरस्तेदारांनी सांगितले आहे. माझी मुख्य साक्षीदार त्या फोटोतली बाई आहे. तिचे समन्स कोणत्या नावाने आणि कोणत्या पत्त्यावर काढायचे, तेवढे कळवावे.

आपली,
एक फिर्यादी