अष्टपैलुत्वाचा हिशेब

कलावंत अष्टपैलू ठरला की त्याला सारे माफ, असा एक समज रसिकांत रूढ आहे. जर्मन भाषेतील चित्रपटांचे दिग्दर्शक गेओर्ग विल्हेल्म पाब्स्ट (१८८५–१९६७) यांच्या बचावासाठी तो वारंवार पुढे केला जातो. २०२३ साली डानिएल केलमान यांची त्यांच्यावरील कादंबरी प्रसिद्ध झाली आणि हा जुना प्रश्न पुन्हा ऐरणीवर आला.

पाब्स्ट यांचे मोठेपण कोणी नाकारू नये. महायुद्धानंतरच्या व्हिएन्नातील उपासमार त्यांनी १९२५ साली पडद्यावर आणली. पुढच्याच वर्षी मनोविश्लेषण, १९३० साली खंदकांतील मरण, १९३१ साली ब्रेख्त यांचे संगीतनाटक असे विषय त्यांनी सारख्याच सामर्थ्याने हाताळले. १९३१ चाच त्यांचा ‘कामेराडशाफ्ट’, म्हणजे बंधुभाव. फ्रान्समध्ये कूर्येर येथे १९०६ साली खाणीत स्फोट होऊन सुमारे १,१०० जण दगावले. ती घटना पाब्स्ट यांनी महायुद्धानंतरच्या सीमेवर नेली. फ्रेंच खाणीत माणसे गाडली जातात आणि कालचे शत्रू असलेले जर्मन कामगार जीव धोक्यात घालून त्यांच्या मदतीला धावतात. शेजाऱ्यावरील प्रीतीचे याहून स्वच्छ दर्शन चित्रपटात क्वचितच घडले असेल.

हिटलर सत्तेवर आल्यावर पाब्स्ट यांनी फ्रान्समध्ये काम केले. अमेरिकेतही एक चित्रपट केला. १९३९ साली ते ऑस्ट्रियात परतले. तोवर तो देश हिटलरच्या घशात गेला होता. युद्ध पेटले आणि आपण अडकलो, असे त्यांचे सांगणे. ते मान्य करू. परंतु अडकलेल्या पाब्स्ट यांनी नाझी राजवटीत १९४१ साली ‘कोमेडियांटेन’ आणि १९४३ साली ‘पारासेल्सुस’ हे चित्रपट केले. पहिल्याबद्दल मुसोलिनीच्या इटलीत, व्हेनिस येथे, दिग्दर्शनाचे पदकही स्वीकारले.

त्यांचे कैवारी म्हणतात, या चित्रपटांत उघड द्वेषप्रचार कोठे आहे? हा युक्तिवाद भाबडा आहे. द्वेषाच्या घोषणा देणारे त्या राजवटीला हवे तितके मिळत होते. तिला उणीव होती ती प्रतिष्ठित नावांची. ती पाब्स्ट यांनी भरून काढली.

युद्धानंतर, १९४८ साली, त्यांनी ‘देर प्रोत्सेस’ काढला. हंगेरीतील तिसाएस्लार गावी १८८२ साली एक ख्रिस्ती मुलगी नाहीशी झाली आणि यहुद्यांनी तिचा बळी दिला, असे कुभांड रचले गेले. न्यायालयाने आरोपींना निर्दोष सोडले. कुभांडावर विश्वास ठेवणारे आपलेच धर्मबंधू होते, हे आपणही विसरता कामा नये. याही चित्रपटासाठी व्हेनिसने पाब्स्ट यांना गौरविले. पुढे १९५५ साली हिटलरच्या अखेरच्या दिवसांवर त्यांचा चित्रपट आला.

येथेच माझी मुख्य तक्रार आहे. पापनिवेदनाला गेलेला मनुष्य शेजाऱ्याची पापे सांगत नाही, स्वतःची सांगतो. पाब्स्ट यांनी हंगेरीतील गावकऱ्यांचा अपराध दाखविला, हिटलरचाही दाखविला. त्या राजवटीसाठी कॅमेऱ्यामागे उभ्या राहिलेल्या दिग्दर्शकाची कथा मात्र त्यांनी कधीच पडद्यावर आणली नाही. इतक्या विषयांना हात घालणाऱ्या प्रतिभेला हा एकच विषय का सुचू नये?

म्हणून त्यांचे चित्रपट जाळावेत काय? मुळीच नाही. ‘कामेराडशाफ्ट’ आपल्या मुलांना अवश्य दाखवावा. मात्र त्याच हाताने ‘पारासेल्सुस’ही घडविला, हे त्यांना त्याच दिवशी सांगावे. कोणते दान किती मोठे मिळाले, एवढ्यावर हिशेब संपत नाही. ते कोणाच्या चाकरीत खर्ची पडले, हेही विचारले जाते.