पणजीला कपडे कुठून आणायचे?

बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. मध्यंतरी मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, मग घरात पाहुणे, मग आमचं हे नेट. असो. आजचा विषय वाचून आमच्या ताई म्हणतील, "ही आता काँप्युटरच्या खेळात पण पडली का?" तर हो ताई, पडले. आणि चांगली दोन महिने पडले.

झालं असं. आमचा नातू अकरावीला आहे. त्याला खेळ खेळण्यापेक्षा खेळ बनवायचा नाद जास्त. त्यातही ज्याला तो 'रोल प्लेइंग' म्हणतो तसा खेळ, म्हणजे आपण त्यातलं एक पात्र व्हायचं, गावात हिंडायचं, माणसांशी बोलायचं आणि काय करायचं ते आपण ठरवायचं. त्यासाठी 'आरपीजी मेकर एमव्ही' नावाचं एक जपानी सॉफ्टवेअर आहे, २०१५ सालचं. आता त्याच्या पुढची आवृत्तीही निघाली आहे, पण त्याच्याकडे हेच आहे आणि याच्यावर त्याचा हात बसला आहे.

त्याच्या खेळाचा विषय ऐकून मी गप्पच झाले. १९७२ चा दुष्काळ! लहानपणी त्याला झोपवताना मी त्या दुष्काळाच्या गोष्टी सांगायचे, कारण मला राजाराणीच्या गोष्टी फार येत नाहीत. माझं माहेर शिरूर तालुक्यातच, पण पूर्वेच्या बाजूला. आज सणसवाडीत आमच्या घरासमोरून कंपन्यांच्या बसा जातात, तालुक्यात चासकमानचं पाणी फिरलं आहे. त्यामुळे आताच्या मुलांना खरं वाटत नाही, पण तेव्हा आमच्याकडे पाऊस म्हणजे पाहुणा होता. मी पुण्याला हॉस्टेलवर राहून बीए करत होते. १९७३ च्या उन्हाळ्यात घरी गेले तर आई आणि वहिनी पाझर तलावाच्या कामावर खडी फोडायला जात होत्या. सुकडी मिळायची. मिलोच्या लाल भाकरी मी तेव्हाच पहिल्यांदा खाल्ल्या. तर नातवाच्या खेळातलं मुख्य पात्र म्हणजे माझी आई, त्याची पणजी. तिनं पाणी कुठून आणायचं, जनावरं ठेवायची की विकायची, धाकट्याला शाळेत पाठवायचं की कामावर न्यायचं, हे खेळणाऱ्यानं ठरवायचं.

एके दिवशी म्हणाला, "आज्जी, पणजी तयार झाली, बघ."

बघते तर पांढऱ्या केसांची, डोक्यावरून टोपीचा झगा घेतलेली एक बाई, हातात काठी. मी म्हटलं, "अरे, ही चेटकीण आहे." तो हिरमुसला. पण मलाही लागलं हो. माझी आई तेव्हा जेमतेम पंचेचाळीसची होती आणि काठी तिनं कधी घेतली नाही, शेवटपर्यंत.

चूक त्याची नव्हती. त्या सॉफ्टवेअरमध्ये पात्र तयार करायचं एक यंत्र आहे. आमच्या लहानपणी कागदी बाहुलीला कागदाचे कपडे लावायचो ना, अगदी तसंच. केसांचा पुढचा भाग वेगळा, मागचा वेगळा, डोळे, भुवया, दाढी, कपडे, वरून झगा, चष्मा. एकावर एक ठेवत गेलं की माणूस तयार. आणि गंमत बघा, त्यात प्राण्याचे कान आहेत, शेपूट आहे, पंखसुद्धा आहेत. पण माणसाचे प्रकार तीनच: पुरुष, स्त्री आणि मूल. वयस्कर माणूस हा प्रकारच नाही! वय दाखवायचं तर केस पांढरे करायचे. लुगडं, धोतर, पागोटं, घोंगडी यातलं काही नाही हे वेगळं सांगायला नको.

म्हणून मग जोडसंच विकत घ्यायचे. म्हणजे त्याच यंत्रात भर घालायचे चित्रांचे गठ्ठे. ते नेटवर ढिगानं मिळतात आणि त्यातले कुठले घ्यायचे यावरून आमच्या घरात चांगली जुंपली. दिवाळीच्या ओवाळणीचे दोन हजार रुपये नातवाकडे होते. त्याच्या वडिलांचं म्हणणं, सेल लागला की मोठा गठ्ठा घे, एका तुकड्याला पैसे कमी पडतात. माझा मुलगा कंपनीत खरेदी खात्यात आहे, त्याला सगळं नगावर मोजायची सवय.

माझं मत पहिल्यापासून उलट होतं आणि त्याला कारण आहे. शाळेत माझ्याकडे स्नेहसंमेलन असायचं. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. शिवकालावर नाटुकलं बसवलं आणि पुण्याच्या एका ड्रेपरीवाल्याकडून भाड्यानं कपडेपट आणला. यादीत साठ नग होते आणि भाडं स्वस्त. मी खूश! ट्रंक उघडली तर चौदा तलवारी, नऊ दाढ्या, ढाली, जिरेटोप आणि बाईचं वस्त्र एकही नाही. यादी नीट न वाचता मी नुसती बेरीज वाचली होती. शेवटी जिजाऊ झालेली मुलगी स्वतःच्या आजीचं लुगडं नेसून उभी राहिली, आणि खरं सांगते, त्या रंगमंचावर तेवढीच एक खरी दिसत होती. तेव्हापासून 'साठ नग' म्हटलं की मला चौदा तलवारी आठवतात. या जोडसंचांचंही तेच आहे. चिलखतं, खांद्यावरचे पट्टे, जादूगाराच्या टोप्या, समुराईंचे पोशाख. मधल्या युगातल्या युरोपची चालेल, जपानची चालेल, पण साधी कष्टकरी माणसं सगळीकडेच कमी. राबणाऱ्यांचे कपडे फारसे कुणी काढत नाही असं दिसतं.

नातवाला म्हटलं, आधी तुझ्या खेळातली माणसं दिवसभर काय करतात ते वहीत लिही. त्यानं लिहिलं: चालतात, वाकतात, पाणी शेंदतात, पाटी डोक्यावर घेतात, बोलतात, बसतात. मी विचारलं, "लढतात का कुणाशी?" म्हणाला, "नाही ग आज्जी, दुष्काळाशी." वाक्य चांगलं होतं पण मला हिशेब हवा होता. कारण त्यानंच मला सांगितलं होतं की या सॉफ्टवेअरमध्ये एका माणसाची तीन तऱ्हेची चित्रं लागतात. एक बोलताना दिसणारा चेहरा. दुसरं चालताना दिसणारं छोटं चित्र, चार दिशांना तीन-तीन मिळून बारा. तिसरं लढाईतलं, आणि त्याच्या एका माणसामागे चोपन्न आकृत्या! वार करताना, वार चुकवताना, जखमी होऊन पडताना. महागडे गठ्ठे या चोपन्नांवरच फुशारकी मारतात, आणि ती मेहनत आहेच, नाही म्हणत नाही. पण ज्या खेळात लढाईच नाही तिथं त्या चोपन्नांचे पैसे कशाला द्यायचे? अर्धे संच तिथंच यादीतून गेले.

दुसरी अडचण मापाची. नेटवर फुकट चित्रंही पुष्कळ आहेत. २०१२ साली 'लिबरेटेड पिक्सेल कप' नावाची एक स्पर्धा झाली होती, तिच्यातून सर्वांना वापरता येतील अशी चित्रं निघाली आणि लोक त्यात अजून भर घालतात. मला ही कल्पना फार आवडली. ज्यानं काढलं त्याचं नाव द्यायचं, आपण फेरफार केला तर तोही तसाच मोकळा ठेवायचा. पण ती माणसं चौसष्ट ठिपक्यांच्या चौकटीत बसतात आणि याच्या सॉफ्टवेअरचा चौकोन अठ्ठेचाळीसचा. दोन्ही शेजारी उभी केली तर आमच्या दिवाळीच्या किल्ल्यासारखं झालं. तुमच्या लक्षात असेल, कुंभाराकडून एक मावळा यंदाचा, एक गेल्या वर्षीचा, वाघ दरवाज्यापेक्षा मोठा आणि गवळण बुरुजाएवढी. किल्ल्यावर ते शोभतं. पण ज्या खेळात माणसाची दया यायला हवी तिथं माणूस विहिरीएवढा दिसला की हसू येतं. पोराला मी एवढंच म्हटलं की घ्यायचं तर एकाच हातचं घे. ज्या चित्रकाराच्या माणसांशी तुझी बाकीची माणसं जुळतात, त्याच्याचकडचं.

आणि अटींचा कागद वाच, हेही सांगितलं. मास्तरीणबाईंची खोड! पण त्यातूनच कामाचं निघालं. काही संच फक्त त्याच सॉफ्टवेअरमध्ये वापरायला परवानगी देतात, उद्या दुसऱ्यात खेळ केला तर चालत नाही. काही म्हणतात जसं आहे तसं वापरा, बदल करू नका. आमचं तर सगळं बदलावरच अडलेलं, कारण लुगडं तयार मिळणार नव्हतंच. भाड्याच्या कपड्याला कात्री लावता येत नाही, विकतच्याला येते, आणि आम्हाला कात्री लावू देणारा हवा होता.

मधेच मुलानं एआय सुचवलं. करून पाहिलं. चेहरा देखणा आला, फारच देखणा. नऊवारी म्हटल्यावर बाईला नथ, गजरा, काठापदराची झगमगीत साडी, जणू लावणीला निघाली आहे. खडी फोडणारी बाई म्हटलं तरी बांगड्या काही कमी होईनात. आणि पाठमोरी काढ म्हटलं तर दुसरीच कुणी बाई आली. चालताना बारा चित्रांत बारा बायका दिसल्या तर पणजी कोण?

काही जण म्हणतील, विकत घेऊच नये, सगळं स्वतःच काढावं. पुण्याच्याच नोडिंग हेड्स गेम्स या मंडळींनी २०२० साली 'राजी' नावाचा खेळ आणला. पहाडी लघुचित्रं आणि राजस्थानी वास्तू डोळ्यांपुढे ठेवून त्यांनी त्याचं सगळं जग उभं केलं. नातवानं तो मला दाखवला तेव्हा मी बघतच राहिले. पण ती शिकलेली, कसलेली माणसं, वर्षानुवर्षं त्याच कामात. अकरावीतल्या पोरानं बारावीच्या तोंडावर दीडशे माणसं रोज थोडी थोडी काढावीत असं मी तरी म्हणणार नाही. जे कुणीतरी आधी नीट काढून ठेवलं आहे ते पैसे देऊन किंवा नाव देऊन घ्यावं. वेळ राखून ठेवावा तो जे कुणीच काढलेलं नाही त्यासाठी.

शेवटी त्यानं एकच छोटा संच घेतला. खेड्यातल्या माणसांचा, कुठल्या तरी परक्या खेड्यातल्या, पण कपडे साधे, मळखाऊ रंगांचे आणि बदलायची मुभा असलेले. ओवाळणीतले दीड हजार अजून शिल्लक आहेत. सदरा त्यातला तसाच चालला. बायकांच्या पायघोळ झग्यावर लुगडं काढायचं ठरलं आणि तिथं गाडी अडली. कासोटा मागून कसा दिसतो ते त्याला माहीत नव्हतं. कसं असणार? त्याच्या आईला त्यानं पंजाबी ड्रेसमध्ये पाहिलेलं, मला पाचवारीत.

मग ट्रंकेतून आईचं लुगडं काढलं. एकच राहिलं आहे, हिरवं, विरलेलं. कित्येक वर्षांनी नेसले. ओचा नीट जमला नाही, सुनेनं धरला. कामावर खोचतात तसं वर खोचलं, पदर कमरेला आवळला आणि अंगणात उभी राहिले. पोरगा म्हणतो, "आता डावीकडे वळ. आता पाठ कर. आता एक पाऊल टाक." बारा फोटो! शेजारच्या बिहारच्या बाई भिंतीवरून बघत होत्या, त्यांना वाटलं घरात लग्न आहे. चुंबळ करून डोक्यावर घमेलंही ठेवलं. आईची पाटी होती, आता घमेल्यावर भागवलं. मोतीबिंदूवाल्या डॉक्टरांना कुणी सांगू नका.

पाठमोऱ्या चित्रात कासोटा म्हणजे तीन ठिपके आहेत. तीन हिरवे ठिपके, मधला जरा गडद. पण ती बाई चालायला लागली की ते हलतात, आणि मला ती ओळखू येते.

परवा त्यानं पुन्हा दाखवलं. केस काळे, कपाळावर एक लाल ठिपका, चालताना थोडी पुढे झुकलेली. संचात दागिन्यांचेही तुकडे होते, त्यातली एक सोनेरी रेघ त्यानं हौसेनं पणजीच्या गळ्यात घातली होती. मी म्हटलं, "ती काढ."

"का? बायका मंगळसूत्र घालतात ना?"

"त्या उन्हाळ्यात काळे मणी ठेवले होते. सोन्याच्या वाट्या विकून कडबा आणला होता."

हे मी त्याला गोष्टीत कधी सांगितलं नव्हतं. तो थोडा वेळ माझ्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "आज्जी, काळे मणी या मापात दिसणार नाहीत."

"नाही दिसले तरी चालतील. रेघ काढ."

त्यानं काढली. मग मला विचारलं की वाट्या विकायच्या की नाही, हेही खेळणाऱ्यानं ठरवायचं का. मी अजून उत्तर दिलेलं नाही.