प्रकाशाचे विणकर

गेल्या महिन्यात आमच्या एका वाचक भगिनींचे पत्र आले. त्यांची सोळा वर्षांची कन्या हजार-हजार पृष्ठांच्या इंग्रजी अद्भुत कादंबऱ्या रात्री उशिरापर्यंत दिवा जाळून वाचते, अभ्यासाच्या वहीच्या समासांत चेहरे रेखाटीत बसते, आणि काही विचारले तर म्हणते, "आई, तुला नाही कळायचं ते." पुढे त्या भगिनी लिहितात, "प्रकाशाची जादू करणारी कसलीशी मंडळी त्या पुस्तकांत आहेत म्हणे. ही खोट्याची आराधना मुलीला कोठे नेणार?" पुस्तक न वाचता उत्तर देणे सोपे होते. आम्ही मात्र ते खंड मिळवून वाचले. आमच्या चष्म्याचा नंबर वाढला असल्यास त्याचे श्रेय या भगिनींचे.

लेखक अमेरिकेतील ब्रँडन सँडरसन. मालेचे नाव 'द स्टॉर्मलाइट आर्काइव्ह'. पहिला खंड 'द वे ऑफ किंग्ज' २०१० साली निघाला, दुसरा 'वर्ड्‌स ऑफ रेडिअन्स' २०१४ साली, आणि पाचवा 'विंड अँड ट्रुथ' २०२४ साली. संकल्प एकंदर दहा खंडांचा आहे. युद्धाची वर्णने फार लांबली आहेत. ती आम्ही भराभर उलटली, हे कबूल करतो.

कथा घडते रोशर नावाच्या कल्पित जगात. तेथे वारंवार प्रचंड वादळे येतात. लोक काचेच्या गोट्यांत बसविलेली रत्ने उघड्यावर ठेवतात आणि वादळ ओसरले की ती तेजाने भरलेली सापडतात. हाच तेथला दिवा आणि हेच तेथले नाणे. त्यांत पाचूचे मोल सर्वांत अधिक, कारण त्याच्या साहाय्याने धान्य निर्माण करता येते. ही व्यवहारदृष्टी आम्हांस फार आवडली. या तेजाच्या बळावर पराक्रम करणारे वीरांचे दहा संघ प्राचीन काळी होते. त्यांपैकी एक 'लाइटवीव्हर' यांचा. आम्ही त्यांस प्रकाशविणकर म्हणू. ('तेजोवयनकार' असा भारदस्त शब्द आमच्या एका संस्कृतज्ञ स्नेह्यांनी सुचविला; तो आम्ही त्यांना साभार परत केला.)

हा विणकर रत्नातील तेज श्वासाबरोबर आत ओढून घेतो आणि त्यातून हवे ते रूप उभे करतो. स्वतःचा चेहरा पालटतो, नसलेली भिंत दाखवितो, असलेला माणूस लपवितो. हात लावू जावे तर तेथे नुसती हवा! कथेची नायिका शलान ही चित्रकार आहे. जे रूप उभे करावयाचे त्याचे चित्र ती आधी कागदावर काढते, आणि रत्नातील तेज सरले की तिने उभे केलेले रूपही विरून जाते. जमिनीच्या जागी पाणी आणि पाण्याच्या जागी जमीन दाखविणारी मयसभा ज्यांनी लहानपणी ऐकली आहे, त्यांना यात नवल वाटू नये.

नवल आहे ते या संघाच्या नियमात. इतर संघांतील वीर पायरीपायरीने शपथा घेतात. कोणी दुर्बलांच्या रक्षणाची घेतो, कोणी कायदा पाळण्याची. प्रकाशविणकराला मात्र आरंभीच्या समान शपथेनंतर शपथ नाही. त्याने स्वतःविषयीचे एकेक सत्य उच्चारावयाचे. शलानच्या संगतीला 'पॅटर्न' नावाचे एक अदृश्य जगातील सत्त्व आहे. जमिनीवर, भिंतीवर, तिच्या वस्त्रावर ते हलत्या रांगोळीसारखे उमटते. त्याच्या जातीला असत्याचे भारी कौतुक. पण तिची शक्ती वाढावयाची तर सत्यच हवे! आपण घाबरलो आहोत, एवढे तिने प्रथम कबूल केले आणि जवळचा पेला रक्त होऊन गेला. पुढची सत्ये याहून पुष्कळ जड आहेत.

कारण शलानचे घर. बाहेरून ते सरदारघराणे, आत कर्जाचा डोंगर आणि नोकरांवर हात टाकणारा बाप. आई गेली ती कशी, हे घरात कोणी बोलावयाचे नाही. गावात बापावर संशय, आणि तो त्याने मुकाट्याने सोसलेला. खरे काय घडले ते त्या वेळी लहान असलेल्या शलानला ठाऊक आहे. इतके ठाऊक, की ते तिने स्वतःपासूनही दडवून ठेवले आहे. सगळे उघड करून आम्ही रसभंग करीत नाही. परंतु 'घरातले घरात' म्हणून झाकलेल्या गोष्टी मुलांच्या मनात काय करतात, हे ज्याने पाहिले असेल त्याला ही पाने जादूची वाटणार नाहीत. आमच्या पिढीने अशी घरे पाहिली आहेत आणि त्यांविषयी मौन पाळले आहे.

तरीही भगिनींचा मूळ प्रश्न उरतोच. प्रकाशाने दाखविलेले रूप हे असत्यच नव्हे काय? एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन आपल्या मुलांसह 'शांबरिक खरोलिका' या नावाने मॅजिक लँटर्नचे खेळ करीत. काचेवर हाताने रंगविलेली चित्रे दिव्याच्या उजेडाने पडद्यावर उमटत. त्याला लबाडी म्हणवत नाही. सँडरसन यांचे उत्तरही याच वळणाचे आहे, आणि ते दुसऱ्या खंडातील एका लहानशा प्रसंगात आले आहे.

प्रवासात शलानला गुलामांच्या व्यापाऱ्याचा एक रखवालदार भेटतो, ब्लथ नावाचा. मान खाली घालून चालणारा, तुसडा माणूस. ती त्याचे चित्र काढते, पण तो आहे तसे नव्हे. स्वच्छ गणवेशात, मान ताठ, दृष्टी समोर, असा शिपाई. पुढे एका तांड्यावर लुटारू तुटून पडतात तेव्हा सैन्यातून पळालेल्या काही माणसांना ती मदतीला वळविते, त्यांना ती त्यांचेच एक बरे रूप दाखविते म्हणून. त्या झुंजीत ब्लथ लढताना मरतो. त्याच्या खिशात घडी घातलेला एक कागद सापडतो. तिच्या वहीतून ते चित्र त्याने केव्हा काढून घेतले, तिला कळलेलेही नव्हते. आम्ही येथे पुस्तक मिटून काही वेळ स्वस्थ बसलो.

तेव्हा, भगिनी, पुस्तके काढून घेऊ नयेत, असे आमचे मत आहे. दुसऱ्या खंडात बापाच्या क्रौर्याची प्रकरणे आहेत आणि पुढे शलानचे मन निरनिराळ्या रूपांत दुभंगत जाते. तेथे वडीलधाऱ्यांपैकी कोणीतरी बरोबरीने वाचीत असावे. दिवा अकराला मालवावा, याविषयी आम्ही पूर्णपणे आपल्या बाजूचे आहोत. समासांतील चेहरे कोणाचे आहेत, हे मात्र आपण पत्रात लिहिले नाही. एकदा ती वही पाहावी, मुलीला विचारून.