दहा हजार बादल्या

आमच्या वॉचमन काकांची मुलगी आठवीत आहे. संध्याकाळी ती वही घेऊन मेसमध्ये येते आणि मी तिला गणित शिकवतो. (एम-थ्रीला के.टी. असलेला माणूस शिकवतोय हे तिला अजून माहीत नाही, कृपया सांगू नये.) परवा तिला एक गणित घातलं. तीन नाणी फेकली तर निदान एक छापा पडण्याची संभाव्यता किती? शेजारी माझा रूम पार्टनर चहा पीत बसला होता. तो लगेच म्हणाला, "अर्धा, अर्धा आणि अर्धा. दीड!" थर्ड इयर इंजिनिअरिंग! संभाव्यता एकाच्या वर जातच नाही हे साहेबांना चहा संपल्यावर आठवलं.

पोरीनं सूत्र वगैरे काही लावलं नाही. छापा-छापा-छापा पासून काटा-काटा-काटा पर्यंत आठ ओळी लिहून काढल्या, जरा वेळ बघत बसली आणि म्हणाली, "दादा, यातली शेवटची एकच ओळ नको आहे ना? मग बाकीच्या मोजायच्या कशाला?" आठातून एक गेली, उरल्या सात. उत्तर ७/८.

यालाच पूरक घटना म्हणतात. 'निदान एकदा' ची पूरक घटना म्हणजे 'एकदाही नाही', आणि दोघींच्या संभाव्यतांची बेरीज नेहमी १. शाळेत आपण सगळेच हे शिकलो, मार्क घेतले आणि विसरलो. हॉस्टेलमध्ये राहणाऱ्याला याच्याइतकं कामाचं गणित दुसरं नाही असं माझं स्पष्ट मत आहे. का, ते सांगतो.

मागच्या डिसेंबरमध्ये आमच्या विंगमधला एक जण बादलीत रॉड लावून फोनवर बोलायला गॅलरीत गेला. घरचा फोन, लांबला. पाणी आटलं, बादली वितळली, शेजारची गादी धुमसायला लागली. वास आला म्हणून काका धावत आले आणि त्यांनी मेन स्विच पाडला. कोणाला काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी नोटीस लागली, 'रॉड वापरण्यास सक्त मनाई'. आठवडाभरानं सगळे रॉड गाद्यांखालून बाहेर आले. प्रत्येकाचं म्हणणं एकच, "तो बावळट आहे. मी लक्ष ठेवतो."

धरून चालू की प्रत्येक जण खरंच लक्ष ठेवतो. इतकं, की दहा हजार वेळा रॉड लावला तर एकदाच विसरतो. (आपली सबमिशनची तयारी बघता हे फारच उदार गृहीतक आहे.) एका हिवाळ्यात एक जण साधारण १०० वेळा पाणी तापवतो. त्याच्या हातून एकदाही चूक न होण्याची संभाव्यता ०.९९९९ चा शंभरावा घात, म्हणजे ०.९९. धोका फक्त एक टक्का. म्हणजे तो म्हणतो ते खोटं नाही.

आता इमारतीकडे बघा. समजा रॉड १०० आहेत. १०० रॉड, १०० दिवस, दहा हजार बादल्या. ०.९९९९ चा दहा हजारावा घात काढला की उरतात ०.३७. म्हणजे हिवाळ्यात निदान एक बादली विसरली जाण्याची संभाव्यता ६३ टक्के! आणि आपण इथे चार हिवाळे काढतो. ०.३७ चा चौथा घात दोन टक्क्यांच्या आत येतो, म्हणजे चार वर्षांत निदान एकदा हे होण्याची शक्यता ९८ टक्के. प्रत्येक बादलीनं आग लागेल असं नाही, हे कबूल. पण दर वेळी काका जागे असतीलच असंही नाही.

काही जण म्हणतील की हे गणित घटना एकमेकींपासून स्वतंत्र धरून केलंय. बरोबर आहे. सबमिशनच्या सकाळी सगळे एकदमच विसरतात, तेव्हा आकडे थोडे हलतील. मुद्दा हलत नाही.

अशी चूक फक्त पोरंच करतात असंही नाही. चॅलेंजर यान २८ जानेवारी १९८६ ला कोसळलं, सात अंतराळवीर गेले. चौकशी समितीतल्या रिचर्ड फाइनमननी विचारलं की यान गमावण्याची शक्यता किती धरली होती. काम करणारे इंजिनिअर शंभरात एकच्या आसपास सांगत होते, वरचे अधिकारी लाखात एक. म्हणजे रोज एक यान सोडलं तरी जवळजवळ तीनशे वर्षांत एखादं जाणार! इंजिनिअरांचा आकडा धरा आणि पोरीची युक्ती लावा. चॅलेंजरचं ते उड्डाण शटलचं २५ वं होतं. ०.९९ चा पंचविसावा घात ०.७८, म्हणजे तोवर निदान एक अपघात होण्याची शक्यता २२ टक्के. आधीच्या काही उड्डाणांत जोडावरच्या रबरी रिंगा झिजलेल्या सापडल्या होत्या. पण यानं सुखरूप परतली होती, म्हणून चालवून घेतलं. 'आजवर काही झालं नाही' हे वाक्य आपल्या विंगपुरतंच नाही तर!

म्हणून रेक्टर सरांना माझी विनंती अशी की नोटिशीनं माणूस फार तर थोडा जास्त सावध होईल. कमी करायच्या आहेत त्या बादल्या. गच्चीवरचा सोलर मी आल्यापासून बंद आहे. तो चालू झाला आणि दहातल्या नऊ बादल्या रॉडशिवाय भरल्या, तर ६३ टक्क्यांचे साडेनऊ टक्के होतात, तेही पोरं आहेत तितकीच विसराळू राहून. आणि मित्रांनो, तोवर निदान आपोआप बंद होणारा रॉड तरी घ्या.

तशा अर्जावर सह्या गोळा करतोय. ४२ झाल्या. पहिली सही रूम पार्टनरची, दीडवाल्याची. तिसऱ्या मजल्यावरचे अजून उठलेले नाहीत.