वाकड्या बोटाचे न्यायमूर्ती

"पुरे झाला तो खेळ, आता पुस्तक घे हातात!" संध्याकाळी दिवेलागणीला हे वाक्य ज्या घरात ऐकू येत नाही, असे घर विरळाच. गंमत अशी, की तेच पोर उद्या जिल्ह्यात पहिले आले, पेपरात फोटो छापून आला, की घरचेच लोक शाळेत जाऊन सांगतात, "सर, खेळाडू मुलगा आहे, मार्कांचे जरा सांभाळून घ्या." म्हणजे खेळात मागे असला तर अभ्यास कर, आणि पुढे असला तर अभ्यास नाही केलास तरी चालेल! या दुसऱ्या बोलण्यात केवढा धोका आहे, हे ज्याने आपल्या डोळ्यांनी पाहिले, अशा एका खेळाडूची ओळख आज करून घेऊ. त्यांचे नाव ॲलन पेज.

पेज अमेरिकन फुटबॉल खेळत. आपल्याला ठाऊक असलेला फुटबॉल वेगळा. हा खेळ लंबगोल चेंडूचा. अकरा-अकरा खेळाडू डोक्याला शिरस्त्राण आणि खांद्यांना जाड गाद्या बांधून एकमेकांवर अक्षरशः धडकतात. चेंडू ज्यांच्याकडे, त्यांनी चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे आणि समोरच्यांनी त्यांना अडवायचे. पेज अडवणाऱ्यांच्या भिंतीतले. भले दांडगे गडी बाजूला सारून चेंडू फेकणाऱ्यापर्यंत पोहोचायचे, हे त्यांचे काम.

त्यांचा जन्म ७ ऑगस्ट १९४५ रोजी ओहायो राज्यातील कँटन या पोलादाच्या कारखान्यांच्या गावी झाला. कृष्णवर्णीय कुटुंबातला मुलगा. गावातल्या पुष्कळ तरुणांच्या वाट्याला भट्टीवरचे तेच ते कष्टाचे काम येई. १९५४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने गोऱ्या आणि काळ्या मुलांच्या शाळा वेगळ्या ठेवणे घटनाबाह्य ठरवले, तेव्हा ॲलन आठ-नऊ वर्षांचा होता. कायद्यात केवढी ताकद असते, हे त्या वयात त्याच्या मनावर ठसले. टीव्हीवर पेरी मेसन या वकिलाची मालिका लागे, तीही तो आवडीने बघे. म्हणजे वकील व्हायचे स्वप्न फुटबॉलच्या आधीचे!

पण देवाने शरीर दिले होते खेळाडूचे. शिकत असताना मिळालेल्या एका कामावर ॲलनने अंगमेहनत केली. त्याच्याच गावात फुटबॉलच्या महान खेळाडूंचे गौरवदालन, म्हणजे 'हॉल ऑफ फेम', उभे राहत होते, त्या बांधकामावरचे ते काम. १९६३ साली ते दालन खुले झाले. त्याच सुमारास ॲलन नोटर डेम विद्यापीठात गेला. तिथे त्याचा संघ १९६६ साली राष्ट्रीय विजेता ठरला. राज्यशास्त्राची पदवी घेऊन १९६७ मध्ये तो मिनेसोटा व्हायकिंग्ज या व्यावसायिक संघात दाखल झाला.

पुढची पंधरा वर्षे पेज यांनी मैदान गाजवले. ओळीने २१८ सामन्यांत एकदाही गैरहजेरी नाही! १९७१ साली ते लीगचे सर्वांत मौल्यवान खेळाडू ठरले. हा मान बहुधा चेंडू पुढे नेणाऱ्याला मिळतो. अडवणाऱ्याला तो मिळण्याची ती पहिलीच वेळ, आणि त्यानंतर आजवर असा आणखी एकच खेळाडू झाला आहे. अर्थात सगळेच हाती लागले नाही. व्हायकिंग्जबरोबर ते चार वेळा सुपर बोल या अंतिम सामन्यात उतरले आणि चारही वेळा हरले.

याच काळातला एक प्रसंग त्यांच्या मनात घर करून राहिला. संघाच्या बैठकीत प्रशिक्षकांनी डावपेचांची वही खेळाडूंना मोठ्याने वाचायला सांगितली. काहींनी ती सहज वाचली. काही अडखळले. आणि काहींना ती वाचताच येईना! ही माणसे शाळा-कॉलेजातून आलेली होती. मग त्यांना वाचता कसे येत नव्हते? कारण ती लहानपणापासून सामने जिंकून देत होती. कौतुक करणाऱ्या शिक्षकांनी, प्रशिक्षकांनी त्यांना एकेका वर्गातून पुढे ढकलले होते. त्यांच्या अंगातली ताकद सर्वांना दिसली, वाचता न येणे मात्र कुणाला बघायचेच नव्हते. हात-पाय थकल्यावर या माणसांनी काय करायचे?

पेज यांनी स्वतः कायद्याचा अभ्यास सुरू केला होता, पण पहिल्या खेपेला काहीच डोक्यात शिरेना, म्हणून काही आठवड्यांतच सोडून दिला होता. दुसऱ्यांदा मात्र त्यांनी चिकाटी धरली आणि खेळत असतानाच १९७८ साली मिनेसोटा विद्यापीठाची कायद्याची पदवी मिळवली. त्याच वर्षी व्हायकिंग्जने त्यांना संघातून काढले. पत्नी डायान यांच्याबरोबर लांब पल्ल्याचे धावू लागल्याने त्यांचे वजन उतरले होते, आणि एवढा हलका गडी आता उपयोगाचा नाही, असे संघाचे मत पडले. शिकागो बेअर्सने त्यांना घेतले. तिथे ते १९८१ पर्यंत खेळले. दुसऱ्या कुणाला ते काढून टाकणे जिव्हारी लागले असते. पेज यांच्या हातात पदवी होती.

निवृत्तीनंतर त्यांनी वकिली केली, मग राज्याच्या कायदा खात्यात काम केले. १९८८ साली गौरवदालनात त्यांची निवड झाली, तेच कँटनचे दालन, ज्याच्या बांधकामावर त्यांनी घाम गाळला होता! अशा समारंभात खेळाडूची ओळख बहुधा त्याचे प्रशिक्षक किंवा जुने सहकारी करून देतात. पेज यांनी मिनियापोलिसच्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकेला बोलावले. आणि भाषणात ते पराक्रमाच्या कथा न सांगता मुलांच्या शिक्षणावर बोलले. ती वही आणि ते अडखळणारे सहकारी, हा प्रसंग त्यांनी तिथेच सांगितला.

नुसते बोलून ते थांबले नाहीत. त्याच वर्षी पती-पत्नींनी पेज एज्युकेशन फाउंडेशन सुरू केले. मिनेसोटातील गौरेतर मुलामुलींना पुढील शिक्षणासाठी ही संस्था मदत देते, पण अट एक: मदत घेणाऱ्याने आपल्याहून लहान मुलांना शिकवायला जायचे. घेतलेले पैसे परत करू नका, मिळालेली विद्या पुढे द्या, असा हा हिशेब. आजवर हजारो विद्यार्थ्यांनी तो चुकता केला आहे.

१९९२ साली पेज निवडून येऊन मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयाचे पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती झाले. १९९३ पासून २०१५ पर्यंत, म्हणजे वयाची सत्तरी गाठून नियमाप्रमाणे निवृत्त होईपर्यंत, ते न्यायासनावर होते. २०१७ मध्ये मुलांच्याच आग्रहाने मिनियापोलिसच्या एका शाळेला त्यांचे नाव मिळाले. २०१८ मध्ये 'प्रेसिडेन्शियल मेडल ऑफ फ्रीडम' हा अमेरिकेचा सर्वोच्च नागरी सन्मान लाभला. मात्र त्याच वर्षी डायान यांनी जगाचा निरोप घेतला. पेज थांबले नाहीत. २०२० साली, चांगले सार्वजनिक शिक्षण हा प्रत्येक मुलाचा हक्क ठरावा, यासाठी राज्यघटना बदलण्याचा प्रस्ताव त्यांनी मांडला. त्यात त्यांचे जोडीदार होते नील कश्करी, काश्मिरी आई-वडिलांच्या पोटी अमेरिकेत जन्मलेले बँकिंग क्षेत्रातले अधिकारी.

आता त्या बोटाविषयी. खेळताना पुन्हापुन्हा निखळून पेज यांची एक करंगळी कायमची काटकोनात वळली आहे. शाळेत गेले, की मुलांचे लक्ष आधी तिच्याकडेच जाते. तेव्हा शिक्षिका असलेल्या आपल्या लेकीबरोबर त्यांनी त्या करंगळीवर मुलांसाठी एक पुस्तकच लिहिले! सरळ बोटाने तूप निघत नाही, असे आपण म्हणतो. इथे वाकड्या बोटाने मुलांना पुस्तकापर्यंत आणून सोडले.

तुमच्या घरी खेळात चमकणारे पोर असेल, तर त्याला खुशाल खेळू द्या. टाळ्याही वाजवा. फक्त रात्री झोपण्यापूर्वी त्याला जवळ बसवून एक पान मोठ्याने वाचायला सांगा, आणि ते ऐका. टाळ्यांच्या आवाजात नेमके तेच ऐकायचे राहून जाते.