मरणाची वाट पाहण्याची शिक्षा

मरण कोणास चुकले आहे? नांगरतांना पान लागते, विहीर खणतांना दरड कोसळते, आणि माणूस जातो. पण तो कामाच्या भरात जातो. फाशी सुनावलेल्या कैद्याचे तसे नाही. त्याचे मरण ठरलेले, दिवस मात्र ठरलेला नाही. पहाटे कडी वाजली की जीव घशाशी येतो. उजाडले की दयेच्या अर्जाची आशा पुन्हा अंकुर धरते. आशा व धास्ती या दोन दगडांत मन वर्षानुवर्षे भरडले जाते. २०२१ साली दिल्लीच्या नॅशनल लॉ युनिव्हर्सिटीतील अभ्यासकांनी अशा ८८ कैद्यांची पाहणी प्रसिद्ध केली. त्यांत शेकडा ६२ जणांस मनाचा आजार आढळला.

कोणी म्हणेल, खुन्याची एवढी कणव कशाला? ज्याच्या घरचे माणूस मारले गेले त्याचे दुःख आम्ही हलके लेखीत नाही. पण दोर नेहमी खुन्याच्याच गळ्यात पडतो काय? आपल्याच महाराष्ट्रातील भटक्या जमातीचे सहा गरीब मजूर २००३ सालच्या दरोडा व खुनाच्या खटल्यात गोवले गेले. खालच्या कोर्टाने सहाही जणांस फाशी सांगितली. हायकोर्टाने तिघांची फाशी जन्मठेपेवर आणली. २००९ साली सुप्रीम कोर्टाने पुन्हा सहाही जणांस फाशी फर्मावली. सुटलो म्हणून ज्यांनी श्वास टाकला, त्यांच्या गळ्यात पुन्हा दोर! आणि ५ मार्च २०१९ रोजी त्याच कोर्टाने निकाल दिला की, सहाही जण निर्दोष. एक तर गुन्ह्याच्या वेळी अज्ञान पोर होता. भरपाई प्रत्येकी पाच लाख रुपये! त्या रात्रींचा हिशेब कोणत्या वहीत मांडावा?

२०१४ साली सुप्रीम कोर्टाने १५ जणांची फाशी रद्द करतांना ठरविले की, दयेच्या अर्जावर सरकारने विनाकारण विलंब लावला अथवा कैद्यास वेड लागले, तर फाशी जन्मठेपेवर आणता येते. अर्ज फेटाळल्यावरही १४ दिवसांची मुदत दिलीच पाहिजे. हे योग्यच झाले. पण आमचे म्हणणे याहून पुढे आहे. जी शिक्षा चुकली तर परत घेता येत नाही, ती मुळातच नको.

तोवर बांधवांनो, एवढे करा. मुलांचे जन्माचे व शाळेचे दाखले जपून ठेवा. घरचा माणूस पकडला गेला तर नशिबाला बोल लावीत बसू नका. जिल्ह्याच्या विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. १९८७ च्या कायद्याने कोठडीतील माणसास फुकट वकील मिळतो. ती भीक नव्हे, तो हक्क आहे.