मातीचा माणूस

डबल रोलचे आपल्याला आता अप्रूप राहिलेले नाही. ‘राम और श्याम’मधले दोन दिलीपकुमार आपण टाळ्या वाजवून पाहिले. पण ही किमया जर्मनीत १९१३ साली झाली होती!

‘प्रागचा विद्यार्थी’ या मूकपटात बाल्डुइन नावाचा कफल्लक तरुण एक लाख मोहरांसाठी आरशातले आपले प्रतिबिंबच विकून टाकतो. ते प्रतिबिंब आरशातून उतरते आणि सरळ चालू लागते. कॅमेरामन गिडो झेबरने भिंगाचा अर्धा भाग झाकून चित्रण केले, फिल्म मागे गुंडाळली आणि उरलेल्या अर्ध्यात पुन्हा टिपले. बस्स, एवढीच युक्ती! दोन्ही बाल्डुइन होते पॉल वेगेनर.

वेगेनर तेव्हा चाळिशीकडे झुकलेला होता. कायद्याचा अभ्यास सोडून तो नट झाला आणि १९०६ पासून बर्लिनमध्ये माक्स राइनहार्टच्या नाटकांत गाजत होता. नाटकवाले सिनेमाला जत्रेतला खेळ समजत, त्या काळात याने १९१६ साली चक्क व्याख्यान देऊन सांगितले, की चित्रपट नाटकावरून किंवा कादंबरीवरून नव्हे, तर कॅमेऱ्याच्या नजरेतून रचला पाहिजे.

प्रागच्या त्या चित्रणाच्या वेळीच त्याला गोलेमची दंतकथा भेटली. यहुदी वस्तीवर संकट येते तेव्हा रबाय मातीचा राक्षस घडवून त्यात प्राण फुंकतो, अशी ती कथा. वेगेनरने ती तीनदा केली. १९१५च्या चित्रपटाचे तुकडेच उरले, १९१७चा विनोदी चित्रपट तर हरवलाच. १९२० सालचा तिसरा मात्र आजही पाहता येतो. दिग्दर्शनात जोडीला कार्ल बोझ होता. वास्तुशिल्पी हान्स पोल्झिगने वाकड्यातिकड्या घरांची वस्तीच बांधून काढली. त्यात जड पावले टाकणारा वेगेनर! शेवटी एक चिमुरडी खेळता खेळता त्याच्या छातीवरची चांदणी काढून घेते आणि तो धाडकन कोसळतो. बोरिस कार्लोफचा १९३१चा फ्रँकेन्स्टाइन पाहिलेल्यांना ही चाल ओळखीची वाटेल.

पुढची हकीकत इतकी सरळ नाही. यहुद्यांच्या तारणहाराची भूमिका करणारा हा माणूस हिटलरच्या राजवटीत देश सोडून गेला नाही. ‘राज्य नट’ हा किताब त्याने घेतला, १९४५च्या ‘कोलबेर्ग’ या प्रचारपटातही काम केले. पोटासाठी, की भीतीपोटी? काहीही असो, मला हे खटकते.

मात्र युद्ध संपल्यावर त्याच वर्षी बर्लिनचे डॉयचेस थिएटर उघडले ते लेसिंगच्या ‘नाथान द वाइज’ने. नायक एक शहाणा यहुदी. नाझी काळात जर्मन रंगभूमीवर या नाटकाला मज्जावच होता. नाथान झाला सत्तरीतला वेगेनर. जुलै १९४८ मध्ये याच भूमिकेत असताना तो रंगमंचावर कोसळला. १३ सप्टेंबरला बर्लिनमध्येच त्याचे निधन झाले.